खेळ पडदाभर करण्यापूर्वी

मे महिन्याची सुटी आणि दौंडचे ऊन एकत्र आले की सकाळी अकरा ते सायंकाळी पाच या वेळेत मुले घराबाहेर पडत नाहीत, आणि पडूही नयेत. मग घरातल्या संगणकाभोवती त्यांचा घोळका जमतो. या दिवसांत पालकांकडून एक प्रश्न हमखास येतो. ऐकताना तो संगणक दुरुस्त करणाऱ्याला विचारावा असा वाटतो, परंतु तो वैद्यकाचाही आहे. संगणकावरचा खेळ लहानशा चौकटीत चालतो आणि मूल म्हणते, तो पडदाभर करून द्या. तर डोळ्यांच्या दृष्टीने लहान चौकट बरी, की भरलेला पडदा?

बहुतेक पालकांचा कौल लहान चौकटीला असतो. चित्र लहान तेवढा डोळ्यांना त्रास कमी, असा एक समज आपल्याकडे रुजलेला आहे. माझे मत याच्या उलट आहे. खेळ पडदाभर करून द्यावा. मात्र तो मोठा का हवा आहे हे आधी पाहावे, आणि मोठा केल्यावर खुर्ची मागे सरकवावी.

मुळात खेळ लहान चौकटीत का उघडतो, हे समजून घेतले तर पुढचे सोपे होईल. संगणकाचा पडदा म्हणजे बारीक ठिपक्यांची जाळी. जुने खेळ त्या काळच्या कमी ठिपक्यांच्या पडद्यासाठी रेखाटलेले असतात. २००१ नंतर एमएस-सीआयटीचा अभ्यासक्रम केलेल्या आपल्या पिढीला विंडोज एक्सपीमधला पिनबॉल आठवत असेल. तो ६४० गुणिले ४८० ठिपक्यांच्या पडद्याचा खेळ. आज घरोघरी असणाऱ्या पडद्यावर १९२० गुणिले १०८० ठिपके असतात. म्हणजे पिनबॉलच्या वाट्याला पडद्याचा जेमतेम सातवा हिस्सा येतो. त्याहून जुने ‘डेंजरस डेव्ह’ किंवा ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’ हे तर ३२० गुणिले २०० ठिपक्यांचे. चोवीस इंची पडद्यावर हे चित्र मूळ मापात ठेवले तर ते सुमारे नऊ सेंटिमीटर रुंद आणि साडेपाच सेंटिमीटर उंच भरेल, अगदी एटीएम कार्डाएवढे. वडिलांनी हौसेने आपल्या लहानपणीचा खेळ मुलाला लावून द्यावा आणि मुलाने त्या कार्डाएवढ्या चित्रात राजपुत्राच्या उड्या शोधाव्यात, असा तो प्रकार होतो.

मूल अशा वेळी काय करते? ते पुढे सरकते. हनुवटी टेबलावर टेकते, पाठीचा धनुष्याकार होतो आणि साठ सेंटिमीटरवर असलेले डोळे पंचवीस-तीस सेंटिमीटरवर येतात. जवळचे स्पष्ट दिसावे म्हणून डोळ्यातील बारीक स्नायूंना नेत्रभिंगाची शक्ती वाढवावी लागते. निर्दोष दृष्टीच्या डोळ्याला साठ सेंटिमीटरवर पाहण्यासाठी साधारण १.७ डायॉप्टरचे काम करावे लागते. तीस सेंटिमीटरवर ते ३.३ होते आणि वीस सेंटिमीटरवर ५. अंतर निम्मे झाले की श्रम दुप्पट. त्यात खेळात गुंतलेले मूल पापण्या मिटायचे विसरते. डोळे कोरडे पडतात, चुरचुरतात, सायंकाळी कपाळ दुखते. डोळ्यांवरचा ताण चित्राच्या आकाराने वाढत नाही, तो अंतर घटल्याने वाढतो. म्हणून मुलाला मागे बसवायचे असेल तर चित्र मोठे करण्यावाचून गत्यंतर नाही.

ते कसे करावे, हे थोडक्यात सांगतो. विंडोजवरील अनेक खेळांत ऑल्ट आणि एंटर या कळी एकत्र दाबल्या की चौकट पडदाभर होते. जुने खेळ ज्या डॉसबॉक्समध्ये चालवतात, त्यातही हीच जोडी चालते. पिनबॉलला एफ ४ ही कळ पुरते. ब्राउझरमधल्या खेळाला एफ ११. नव्या खेळांत सेटिंग्जमध्ये डिस्प्ले मोड असा पर्याय असतो. तेथे विंडोडऐवजी फुलस्क्रीन किंवा बॉर्डरलेस निवडावे. यांपैकी काहीच लागू पडले नाही, तर विंडोजचे स्वतःचे भिंग आहे. विंडोजची कळ आणि अधिकचे चिन्ह दाबले की पडद्यावरचे सारे मोठे दिसू लागते; विंडोजची कळ आणि एस्केप दाबली की भिंग मिटते. कोणताही खेळ पडदाभर करून देण्याची हमी देणारी अनोळखी फुकट सॉफ्टवेअर मात्र मुलांना उतरवून घेऊ देऊ नका. त्यांतून संगणकाला जडणाऱ्या रोगांवर माझ्याकडे औषध नाही.

येथे एक बारकावा आहे आणि तो डोळ्यांशी निगडित आहे. खेळ चौकोनी पडद्यासाठी केलेला आणि आपला पडदा रुंद, अशा वेळी चित्र दोन्ही बाजूंना ताणले जाते. माणसे बुटकी व जाडी दिसतात, अक्षरे पसरट होतात. ग्राफिक्सच्या सेटिंग्जमध्ये चित्राचे मूळ प्रमाण राखण्याचा पर्याय असतो, तो निवडावा. डाव्या-उजव्या बाजूला काळे पट्टे राहतील, ते राहू द्यावेत. तसेच खेळ मोठा दिसावा म्हणून साऱ्या पडद्याचे ठिपके कमी करून ठेवण्याची युक्ती काही जण करतात. ती टाळावी. विंडोज ज्या मापापुढे ‘रेकमेंडेड’ असे लिहिते, त्याच मापावर अक्षरे सर्वांत रेखीव उमटतात. त्याच संगणकावर नंतर अभ्यासाचे वाचन करायचे असेल, तर पुसट अक्षरांशी झुंजण्यात डोळे विनाकारण थकतात.

आता आधी पाहायच्या गोष्टीकडे वळू. मूल खेळ मोठा करून मागते, तेव्हा ते कदाचित हौसेने मागत असेल; कदाचित त्याला खरोखरच दिसत नसेल. तिसरी-चौथीतले मूल ‘मला अंधुक दिसते’ असे सहसा सांगत नाही, कारण जग याहून स्पष्ट असते हे त्याला ठाऊकच नसते. ते फक्त पुढे सरकते. उणे अडीच नंबर असलेल्या डोळ्याला चष्म्याशिवाय चाळीस सेंटिमीटरपर्यंतचेच रेखीव दिसते. अशा मुलाला साठ सेंटिमीटरवरचा खेळ पुसट दिसणार आणि वर्गातला फळा तर धुक्यात जाणार. फळ्यावरचे दिसत नाही म्हणून ते शेजाऱ्याच्या वहीतून उतरवून घेते, आणि घरी आपण त्याला निष्काळजी म्हणतो. ‘गेम मोठा करून द्या’ हे अशा मुलाच्या तोंडून निघालेले पहिले लक्षण असू शकते. संगणकवाल्याला बोलावण्याआधी एवढे करून पाहा : भिंतीवरची दिनदर्शिका तीन मीटरवरून, एकेक डोळा तळव्याने झाकून, मुलाला वाचायला लावा. दोन डोळ्यांत फरक जाणवला, मूल डोळे बारीक करू लागले किंवा मान तिरपी करू लागले, तर नेत्रतपासणी लांबवू नका. एका डोळ्याची कमजोरी तर फारच लबाड असते. दोन्ही डोळे उघडे असताना ती लपून राहते, आणि सात-आठ वर्षे वयाच्या पुढे तो डोळा सुधारण्याची शक्यता घटत जाते. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचा आरंभ २०१३ साली आपल्याच राज्यातील पालघर येथून झाला. त्याची पथके शाळांतून मुलांची तपासणी करतात आणि दृष्टिदोष त्यांच्या यादीत आहे. शाळेकडून चिठ्ठी आली असेल तर ती दप्तराच्या तळाशी राहू देऊ नका.

नंबर लागला म्हणून खेळ बंद, असेही नाही. निकटदृष्टिता येण्याचा धोका कमी करण्यात सर्वांत भरवशाचा उपाय बाहेरच्या उजेडाचा ठरला आहे. चीनमधील ग्वांगझोऊ येथे शाळांत मुलांना रोज चाळीस मिनिटे अधिक वेळ बाहेर नेले. तीन वर्षांनंतर त्यांच्यात निकटदृष्टिता आलेल्यांचे प्रमाण सुमारे ३० टक्के होते, तर नेहमीच्या दिनक्रमातील मुलांत ते सुमारे ३९ टक्के होते. २०१५ साली हा अभ्यास प्रसिद्ध झाला. आपल्याकडे मेमध्ये हा उजेड सकाळी नऊच्या आत किंवा सायंकाळी पाचनंतर घ्यावा लागेल, एवढेच.

आता खुर्चीचे. चोवीस इंची पडदा सुमारे त्रेपन्न सेंटिमीटर रुंद असतो. साठ सेंटिमीटरवरून तो नजरेचा ४८ अंशांचा पट्टा व्यापतो. तीस सेंटिमीटरवर बसलात तर ८३ अंशांचा. लहान चौकटीत खेळताना नाक पडद्याला लावण्याची सवय झालेले मूल खेळ पडदाभर झाल्यावरही तेथेच बसून राहते, आणि मग जवळजवळ सगळी नजर खेळाने भरून जाते. धावत्या पहिल्यापुरुषी खेळांत, म्हणजे ज्यांत बंदूक किंवा सुकाणू आपल्याच हातात असल्यासारखे दिसते, त्यांत काही मुलांना मळमळते, डोके गरगरते. डोळे सांगतात आपण पळत आहोत, कान सांगतात आपण बसलो आहोत. एसटीत बसून पुस्तक वाचताना होणाऱ्या त्रासाचाच हा उलटा प्रकार. खुर्ची हातभर मागे नेली, खोलीत दिवा लावला, तरीही थांबले नाही, तर त्या मुलापुरता तो खेळ चौकटीतच बरा.

याहून गंभीर बाब लखलखाटाची आहे. १६ डिसेंबर १९९७ रोजी जपानमध्ये पोकेमॉनच्या एका भागात लाल-निळा प्रकाश सेकंदाला सुमारे बारा वेळा लखलखला, आणि त्या रात्री ६८५ जणांना, बहुतांशी मुलांना, रुग्णालयात न्यावे लागले. त्यांतील अनेकांना पूर्वी कधीही फिट आलेली नव्हती. प्रकाशाने फिट येण्याची प्रवृत्ती साधारण चार हजार माणसांत एकाला असते; शाळकरी व किशोर वयात ती अधिक आढळते. लखलखणारे क्षेत्र नजरेचा किती भाग व्यापते, यावर धोका अवलंबून असतो. म्हणूनच दूरचित्रवाणीच्या नियमांत सेकंदाला तीनपेक्षा अधिक लखलखाट पडद्याच्या पाव भागाहून मोठ्या क्षेत्रात असू नयेत, असे धरले जाते. अंधारी खोली, अपुरी झोप, जवळ बसणे आणि स्फोटांनी भरलेला पडदाभर खेळ, हे सारे एकत्र आले की ही प्रवृत्ती प्रथमच उघडी पडू शकते. घरात कोणाला अपस्मार असेल, किंवा मुलाला एकदा जरी प्रकाशाने विचित्र वाटले असेल, स्नायू दचकून उडाले असतील, तर डॉक्टरांचा सल्ला घेईपर्यंत खेळ पडदाभर करू नका. तसे वाटू लागताच एक डोळा तळव्याने पूर्ण झाकून पडद्यापासून तोंड फिरवायला मुलाला शिकवा. नुसते डोळे मिटून भागत नाही, कारण मिटलेल्या पापणीतून लाल उजेड आत जातच राहतो.

आणि फिट आलीच तर चप्पल, कांदा, किल्ल्यांचा जुडगा यांपैकी काहीही नाकाशी किंवा हातात देऊ नका. दातांमध्ये चमचा सारू नका. आजूबाजूच्या टणक वस्तू दूर करा, मुलाला एका कुशीवर वळवा आणि घड्याळ पाहा. पाच मिनिटांत फिट थांबली नाही, किंवा शुद्ध येण्याआधी दुसरी आली, तर १०८ क्रमांकावर रुग्णवाहिका बोलवा. मुलाला आलेली पहिलीच फिट असेल तर ती लवकर थांबली तरी त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवा.

पडदाभर खेळात संगणकाचे घड्याळ झाकले जाते. तेव्हा भिंतीवर काटे असलेले घड्याळ खेळणाऱ्याला दिसेल असे टांगा. वेळ संपल्यावर बाहेर कसे पडावे हे घरातील मोठ्यांनाही ठाऊक असावे. ऑल्ट आणि टॅब एकत्र दाबले की खेळ बाजूला होतो. प्लग उपटण्याची गरज नसते, आणि त्यावरून होणारे भांडणही टळते.

जाता जाता घरातल्या आजी-आजोबांविषयी. पत्त्यांचा डाव संगणकावर खेळणारे ज्येष्ठही ‘जरा मोठे करून दे रे’ म्हणतात. त्यांची अडचण वेगळी असते. चाळिशीच्या चष्म्याचा वाचनाचा भाग खाली असतो आणि पडदा समोर. म्हणून ते हनुवटी वर करून तासभर बसतात आणि रात्री मान धरली म्हणून बाम चोळतात. त्यांच्यासाठी खेळ पडदाभर करावा, पडद्याची वरची कड डोळ्यांच्या पातळीच्या थोडी खाली आणावी, आणि पुढच्या खेपेला चष्मा करताना पडद्यापर्यंतचे अंतर टेपने मोजून तो आकडा डोळ्यांच्या डॉक्टरांना सांगावा. त्या अंतराचा वेगळा नंबर काढून मिळतो.