कामगार परत आला, नियम तसाच राहिला

बडतर्फ कामगाराला पुन्हा कामावर घेण्याचा निवाडा लागला की गेटसभेत गुलाल उधळला जातो. तो आनंद रास्तच आहे. त्यामागे वर्षानुवर्षांची ओढाताण आणि कोर्टाचे हेलपाटे असतात. परंतु ज्या नियमाच्या बळावर त्याला काढले, तो नियम पुष्कळदा जसाच्या तसा राहतो. उद्या त्याच नियमाने दुसरा कामगार काढला जाईल आणि लढा पुन्हा पहिल्या पायरीवर येईल.

दिल्ली परिवहन महामंडळाचे उदाहरण या दृष्टीने बोलके आहे. त्याच्या १९५२ च्या सेवा-विनियमांत ९ (ब) हा विनियम होता. एक महिन्याची नोटीस द्यावी किंवा तेवढा पगार हातावर ठेवावा आणि कायम कामगारालाही चौकशीविना घरी पाठवावे, एवढी सत्ता त्याने व्यवस्थापनाला दिली होती. तीन कामगारांवर तो चालवण्यात आला, तेव्हा त्यांच्या संघटनेने केवळ तिघांपुरती दाद मागितली नाही. विनियमालाच आव्हान दिले. दिल्ली उच्च न्यायालयाने तो घटनाबाह्य ठरवला आणि ४ सप्टेंबर १९९० रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने चार विरुद्ध एक अशा बहुमताने तोच निर्णय कायम केला. तिघांच्या दाव्यातून साऱ्या महामंडळाच्या कामगारांवरील टांगती तलवार दूर झाली.

यावर व्यवस्थापनाचे म्हणणे असे की, अन्याय झालाच तर न्यायाधिकरण आहे. १९७१ पासून कलम ११-अ नुसार बडतर्फीची शिक्षा बदलण्याचा अधिकारही त्याला मिळाला. मग नियमांशी भांडण कशाला? या युक्तिवादात काळाचा हिशेब नाही. मालक दहा वर्षे वकील पोसू शकतो; कामगाराला दहा महिनेही वाण्याची उधारी मिळत नाही. पुनर्नियुक्तीच्या निवाड्याविरुद्ध मालक वरच्या न्यायालयात गेला, तर कामगाराला वेतन मिळावे म्हणून १९८४ पासून १७-ब कलम लागू झाले. पण ते वेतन कोणते? तर बडतर्फीपूर्वी शेवटी घेतलेले. भाव चढत राहतात, वेतन मात्र गोठलेले असते. म्हणजे जिंकलेला कामगारही दरवर्षी थोडाथोडा हरत असतो.

आणखी एक मर्यादा ध्यानात ठेवली पाहिजे. दिल्लीच्या निकालाचा आधार घटनेचे १४ वे कलम हा होता, आणि ते शासन व शासकीय महामंडळांना बांधते. खासगी कारखान्यातील कामगाराचा मुख्य आधार म्हणजे प्रमाणित स्थायी आदेश. १९४६ च्या कायद्याने शंभर कामगारांच्या आस्थापनेला ते बंधनकारक केले होते. २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या औद्योगिक संबंध संहितेने ही मर्यादा तीनशेवर नेली. त्याखालील कारखान्यांत नेमणूकपत्रातील बारीक अक्षरांतल्या अटी हाच नियम होऊन बसण्याचा धोका आहे.

म्हणून निवाडा हाती पडताच कार्यकर्त्यांनी तो कपाटात ठेवू नये. कोणत्या नियमामुळे ही बडतर्फी शक्य झाली, हे त्यातून शोधावे. स्थायी आदेशांत दुरुस्ती मागावी. आणि मसुदा प्रमाणित होण्याआधीच हरकती नोंदवाव्यात. सहकारी परत आल्याचा गुलाल जरूर उधळावा. पण ज्या दाराने त्याला बाहेर काढले, ते दार बंद केल्याखेरीज विजय पुरा झाला असे मानू नये.