वारसनोंद आधी, सौदा नंतर

भंडारा जिल्ह्यात शेतजमीन घेणाऱ्याची परीक्षा खरेदीखतावर सह्या झाल्यावर सुरू होते. मुद्रांक शुल्क भरून होते, पैसे विकणाऱ्याकडे पोचतात आणि सातबाऱ्यावर नाव चढायच्या वेळी हरकत येऊन फेरफार अडतो. खापर मग तलाठ्यावर आणि दलालावर फुटते. काही प्रकरणांत ते रास्तही असेल. पण अशा वादांची एक मोठी जात सौद्याच्या कितीतरी आधी, घरातले कोणी गेल्यावर न केलेल्या वारसनोंदीतून जन्मते, आणि तिची जबाबदारी आपल्यासारख्या परदेशी राहणाऱ्यांवर मोठ्या प्रमाणात येते, असे माझे स्पष्ट मत आहे. परकीय चलनाच्या नियमांप्रमाणे अनिवासी भारतीयाला शेतजमीन विकत घेता येत नाही. ती त्याच्याकडे येते वारसाने, आणि विकायची झाल्यास भारतात राहणाऱ्या भारतीय नागरिकालाच विकता येते. म्हणजे या वादात आपण खरेदीदार क्वचितच असतो. वारस मात्र हमखास असतो.

महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, 1966 मधली विभागणी इथे नीट पाहावी. कलम 149 प्रमाणे वारसाने हक्क मिळालेल्या माणसाने तीन महिन्यांच्या आत तलाठ्याला कळवायचे असते. नोंदणीकृत दस्ताने जमीन घेणाऱ्याला मात्र ही सक्ती नाही. त्याची खबर निबंधक कार्यालयाकडून महसूल खात्याकडे जाते, आणि ई-फेरफारमुळे आता ती संगणकावरूनच जाते. खरेदीदाराचे काम सरकार करते, वारसाचे वारसानेच करायचे असते, आणि तेच राहून जाते. पवनी, लाखांदूर, मोहाडीकडच्या धानाच्या बांध्या आधीच लहान. त्यांच्या सातबाऱ्यावर आजोबांचे नाव तसेच राहते, किंवा कसणाऱ्या एका भावाचेच लागते. तो भाऊ विकतो तेव्हा कायद्याने त्याचा हिस्साच विकला जातो. हितसंबंधितांना नोटीस निघते, बहिणीची किंवा पुतण्याची हरकत येते आणि प्रकरण विवादग्रस्त नोंदवहीत, म्हणजे गाव नमुना 6-अ मध्ये जाते. पुढे सुनावणी, उपविभागीय अधिकाऱ्याकडे अपील, तिथून आणखी वर. बहिणीची हरकत पोकळ नसते: हिंदू उत्तराधिकार कायद्याच्या 2005 च्या दुरुस्तीने मुलीला वडिलोपार्जित मालमत्तेत मुलाइतकाच जन्मसिद्ध हक्क दिला आणि 2020 मध्ये विनीता शर्मा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तो ठामपणे मान्य केला. मालकी कोणाची हे ठरवणे महसूल अधिकाऱ्याच्या हाती नाही, ते दिवाणी न्यायालयाचे काम. त्यामुळे महसुली लढाई जिंकलेल्यालाही पुन्हा दावा लढावा लागू शकतो.

यावर जाणकार म्हणतील की फेरफाराने मालकी मिळत नाही आणि जातही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1996 मध्ये सावर्णी विरुद्ध इंदर कौर प्रकरणात सांगितले आहे. मग नोंदीसाठी एवढा आटापिटा कशाला? तत्त्व खरे आहे, पण निष्कर्ष उलटा निघतो. नोंद नसूनही हक्क जिवंत राहतो, म्हणूनच गप्प बसलेला वारस खरेदीदाराला दिसत नाही आणि नंतर आडवा येतो. शिवाय कलम 157 प्रमाणे विरुद्ध सिद्ध होईपर्यंत अधिकार अभिलेखातली नोंद खरी धरली जाते. आधारभूत केंद्रावर धान विकायला, पीककर्ज काढायला सातबाराच लागतो. गोसीखुर्द धरणाचा जिल्हा आहे हा. भूसंपादनात मोबदल्याची नोटीस कोणाच्या नावाने निघते, हे इथल्या माणसाला वेगळे सांगावे लागत नाही.

दुसरा आक्षेप मनाला लागणारा आहे. भावाने उन्हापावसात जमीन कसली, आता आपले नाव लावायला सांगितले तर त्याला तो अविश्वास वाटेल. ही भावना मला खरी वाटते, आणि तिचा मान राखायचा मार्ग कायद्यात आहे. हिस्सा नको असेल तर भावाच्या नावे नोंदणीकृत हक्कसोडपत्र करावे. वडिलोपार्जित मालमत्तेत जवळच्या नातेवाइकासाठी विनामोबदला केले तर मुद्रांकही नाममात्र लागतो. फोनवर ‘मला काही नको’ म्हटल्याने किंवा तलाठ्याला साधे पत्र दिल्याने हक्क सुटत नाही. उलट, पुढच्या पिढीतल्या, गाव न पाहिलेल्या मुलांपर्यंत तो झिरपत जातो आणि दरवेळी सह्या करणाऱ्यांची संख्या वाढते. ज्या भावाचा मान राखायचा म्हणून आपण गप्प राहिलो, त्यालाच म्हातारपणी जमीन विकताना वा तिच्यावर कर्ज काढताना अडचण होते.

अंतराची सबब आता फारशी उरलेली नाही. वारसनोंदीचा अर्ज ई-हक्क प्रणालीवर करता येतो आणि गावातल्या प्रलंबित फेरफारांच्या नोटिसा ‘आपली चावडी’वर परदेशातूनही वाचता येतात. हक्कसोडपत्रासाठी भारतीय वकिलातीत साक्षांकित केलेले कुलमुखत्यारपत्र धाडता येते. ते महाराष्ट्रात पोचल्यापासून तीन महिन्यांत त्याच्यावर मुद्रांक शुल्क भरावे, आणि देणारा हयात आहे तोवरच त्याचा उपयोग करून घ्यावा. त्याच्या मृत्यूनंतर सामान्यतः ते संपते.