कुंपणापलीकडचा कचरा

बुद्धपौर्णिमेच्या खीरदानासाठी गेल्या वर्षी आम्ही माजी विद्यार्थ्यांनी मुद्दाम ‘कंपोस्टेबल’ पेले आणले. नेहमीच्या पेल्यांहून ते महाग होते. तरी पर्यावरणाचे भान राखल्याचे समाधान आम्हांस होते. खीर वाटून झाल्यावर सारे पेले शाळेमागील खतखड्ड्यात टाकले आणि वर माती ओढली. दिवाळीनंतर खड्डा उपसला, तेव्हा पालापाचोळ्याचे व भाजीच्या देठांचे काळेभोर खत झाले होते. पेल्यांचा कागदही मातीस मिळाला होता. आतले पातळ अस्तर मात्र जसेच्या तसे फावड्याला गुंडाळून वर येत होते.

असे अस्तर बहुधा मक्यासारख्या पिकाच्या स्टार्चपासून केलेले असते. ते कुजते, हे खोटे नाही. परंतु त्यासाठी सुमारे ५८ अंश सेल्सिअस उष्णता, ओलावा आणि खेळती हवा कित्येक आठवडे टिकावी लागते. मोठ्या खतप्रकल्पात हे साधते. घरच्या किंवा वसतिगृहाच्या खड्ड्यात साधत नाही. असा पेला प्लॅस्टिकच्या भंगारात गेला तर ते भंगारही नासवतो. म्हणजे वेष्टनावरील हिरवे पान हे केवळ एक आश्वासन आहे, आणि ते पाळण्याची सोय आपल्या बहुतेक गावांत नाही.

भिक्खुनींच्या पातिमोक्खात एक नियम आहे. मलमूत्र, केरकचरा वा उष्टे अन्न भिंतीपलीकडे किंवा कुंपणापलीकडे स्वतः टाकू नये आणि दुसऱ्याकडूनही टाकवू नये. पलीकडून जाणाऱ्या एका माणसाच्या डोक्यावर घाण पडली, त्यावरून हा नियम झाला. ‘दुसऱ्याकडूनही’ या शब्दाशी आम्ही थबकतो. घंटागाडीत सारे एकत्र ओतून दार लावून घेणारे आपण नेमके हेच करीत असतो.

कुंपणापलीकडे कोण उभे आहे, हे आपल्या समाजाला सांगावयास नको. गावची मेलेली जनावरे ओढण्याचे काम ज्यांच्यावर लादले गेले होते, त्यांची आपण नातवंडे. बाबासाहेबांनी ते काम टाकावयास सांगितले. तरीही शहरांतला मिसळलेला कचरा हाताने निवडणाऱ्यांत आजही आपलीच माणसे मोठ्या संख्येने दिसतात. ही स्मरणिका हाती घेणाऱ्या कित्येकांचे शिक्षण आईवडिलांच्या झाडूवर झाले आहे. खरकट्यात गुंडाळलेली फुटकी काच किंवा वापरलेले ब्लेड कोणाच्या बोटात जाते, हे त्यांनी घरी पाहिलेले आहे.

ओला, सुका आणि घातक कचरा घरातच वेगळा करण्याची जबाबदारी २०१६ च्या घनकचरा नियमांनी प्रत्येक घरावर टाकली. शंभरांहून अधिक लोकांचा कार्यक्रम असेल तर स्थानिक संस्थेस तीन दिवस आधी कळवून कचऱ्याच्या वर्गीकरणाची हमी आयोजकांनी द्यावी, असेही त्यांत होते. आपल्या जयंत्यांच्या किती समित्यांनी हे वाचले असेल? आम्हीही वाचले नव्हते.

आमचे मत असे की, खीरदानास स्टीलच्या वाट्याच असाव्यात. पाहुण्यांपुढे ते कमीपणाचे दिसते, हा आक्षेप आम्हांस पटत नाही. याच शाळेत आपण जेवून उठल्यावर आपापले ताट राखेने घासत होतो. वैशाखातील पाणीटंचाईचा आक्षेप मात्र खरा आहे. टँकर मागवावा लागेल अशा वर्षी पळसाच्या पानांचे द्रोण घ्यावेत, परंतु प्लॅस्टिकचे अस्तर नसलेले. हल्ली तसे निवडून घ्यावे लागतात. वाट्या घासण्याचे काम स्वयंपाकघरातील मावश्यांवर ढकलू नये. नळापाशी पहिली पाळी आम्हा समितीच्या सभासदांची राहील.

खड्ड्यातून निघालेली अस्तरे आम्ही धुऊन एका गोणीत भरून ठेवली आहेत. ती कोठे द्यावीत, याचे उत्तर अद्याप आमच्यापाशी नाही. मेळाव्यास येणाऱ्यांनी भांडारगृहाच्या दाराशी ती गोणी अवश्य पाहावी.