हलक्या वजनाची कुस्ती आणि जड गदेचा इतिहास

१/१२
१२ एप्रिल २०१८. ऑस्ट्रेलियातील गोल्ड कोस्ट येथे राष्ट्रकुल स्पर्धेत ५७ किलो फ्रीस्टाइल गटाची अंतिम कुस्ती झाली. बीड जिल्ह्यातील पाटोद्याच्या राहुल आवारे यांनी कॅनडाच्या स्टीव्हन ताकाहाशीवर १५-७ अशी मात केली. या विजयाला महाराष्ट्राच्या कुस्तीच्या इतिहासात नेमके कोणते स्थान आहे? हा धागा त्या प्रश्नाविषयी. 🧵

२/१२
पाटोदा आणि शिरूर कासार हे शेजारशेजारचे तालुके. सिंदफणेच्या खोऱ्यातला हा कोरडवाहू मुलूख ऊसतोडीला जाणाऱ्या बिऱ्हाडांसाठी ओळखला जातो. तरीही गावोगावच्या यात्रेत कुस्त्यांचा हगामा ठरलेला असतो. त्याची रचना परिचयाची आहे. दुपारी पोरांच्या रेवड्यांवरच्या आणि नारळावरच्या कुस्त्या, मग चढत्या इनामाच्या, आणि दिवस कलता कलता मानाची शेवटची कुस्ती.

३/१२
या क्रमात एक मूल्यव्यवस्था दडलेली आहे. अंगाने लहान तो आधी, थोराड तो शेवटी. गर्दी, हलगी आणि फेटा हे सारे शेवटच्या जोडीसाठी राखलेले. परिणामी हलक्या अंगाचा पैलवान कितीही डावपेची असला, तरी प्रेक्षकांच्या मनात तो ‘आधीच्या’ कुस्त्यांतलाच राहतो.

४/१२
राज्यपातळीवरही हाच क्रम दिसतो. १९६१ पासून दिल्या जाणाऱ्या महाराष्ट्र केसरी किताबाची लढत ८६ ते १२५ किलो गटातील मल्लांत होते. त्याच अधिवेशनात ५७, ६१, ६५ किलोचे विजेतेही ठरतात. मात्र चांदीची गदा एकाच्याच खांद्यावर येते, आणि वर्षानुवर्षे पाठ केली जाते ती यादीही त्याचीच.

५/१२
आता दुसरी यादी पाहावी. स्वतंत्र भारताचे पहिले वैयक्तिक ऑलिंपिक पदक १९५२ मध्ये हेलसिंकीत कराडजवळच्या गोळेश्वरच्या खाशाबा जाधवांनी मिळवले. गट होता बँटमवेट, म्हणजे ५७ किलोपर्यंतचा. त्याआधी १९४८ मध्ये लंडनला ते त्याहूनही हलक्या फ्लायवेट गटात सहावे आले होते. महाराष्ट्राच्या मातीतले सर्वांत मोठे यश असे हलक्या वजनाचे आहे.

६/१२
त्या यशाची किंमत खाशाबांच्या भोवतीच्या माणसांनी मोजली. हेलसिंकीच्या खर्चासाठी कोल्हापूरच्या राजाराम महाविद्यालयाचे प्राचार्य खर्डीकर यांनी स्वतःचे घर गहाण ठेवले. खाशाबांचे निधन १९८४ मध्ये झाले. अर्जुन पुरस्कार त्यानंतर दीड दशकाहून अधिक काळाने, मरणोत्तर जाहीर झाला.

७/१२
इतर देशांनी हे निराळ्या नजरेने पाहिले. १८ जून १९२३ रोजी न्यूयॉर्कमध्ये व्यावसायिक मुष्टियुद्धाच्या फ्लायवेट अजिंक्यपदाची लढत झाली. वजनमर्यादा ११२ पौंड, म्हणजे सुमारे ५०.८ किलो. पांचो व्हिला या फिलिपिनो तरुणाने जिमी वाइल्डला सातव्या फेरीत गारद केले. तेव्हा अमेरिकेच्या अमलाखाली असलेल्या फिलिपिन्ससाठी ती निव्वळ खेळातली बातमी नव्हती. १६ एप्रिल १९६० रोजी बँकॉकमध्ये पोन किंगपेचने अर्जेंटिनाच्या पास्कुआल पेरेझकडून हेच अजिंक्यपद घेतले आणि थायलंडला पहिला जगज्जेता मिळाला.

८/१२
या देशांनी अवजड गटातला वीर जन्मण्याची वाट पाहिली नाही. वजनगटाचा मूळ अर्थ त्यांनी ओळखला होता. हगाम्यात जोड लावणारा पंच डोळ्यांनी अंदाज घेतो. वजनकाटा तो अंदाज काढून टाकतो आणि समान वजनाच्या दोघांत श्रेष्ठ कोण, एवढाच प्रश्न उरवतो. प्रत्येक गटाचा विजेता हा पूर्ण विजेता, हे त्या तत्त्वातच आहे.

९/१२
आवारे यांची वाटचाल या संदर्भात वाचण्याजोगी आहे. पुण्याच्या गोकुळ वस्ताद तालमीत त्यांना घडवले ते रुस्तम-ए-हिंद हरिश्चंद्र बिराजदार यांनी. ते स्वतः महाराष्ट्र केसरी, म्हणजे जड गटाचे मानकरी. २०११ मध्ये बिराजदारांचे निधन झाल्यावर काका पवारांच्या मार्गदर्शनाखाली सराव चालू राहिला. जड मल्लाने हलक्या मल्लावर आयुष्याची विद्या खर्चली. वस्तादांनी केला नाही तो भेद प्रेक्षकांनी का करावा?

१०/१२
हलके वजन म्हणजे सोपी स्पर्धा, हा समजही टिकत नाही. भारतात सर्वाधिक चुरस ५७ किलोतच आहे. रिओ ऑलिंपिकला या गटातून संदीप तोमर गेले. टोकियोत रवी दहियांनी रौप्य आणि पॅरिसमध्ये अमन सेहरावत यांनी कांस्य आणले. आवारे ६१ किलोत गेले आणि २२ सप्टेंबर २०१९ रोजी नूर-सुलतान येथील जागतिक स्पर्धेत अमेरिकेच्या टायलर ग्राफला ११-४ असे हरवून कांस्य जिंकले. पण ६१ किलो हा ऑलिंपिकचा गटच नाही. तिथे ५७ नंतर थेट ६५ येतो. जगातले पदक गळ्यात असूनही ऑलिंपिकचा आखाडा त्यांच्या वाट्याला आला नाही.

११/१२
केसरीच्या परंपरेने तालमी जगवल्या, गावांना अभिमान दिला, आणि गर्दी जड कुस्तीलाच होते, हे नाकारता येणार नाही. आवारे यांना राज्याने पोलीस उपअधीक्षकपद दिले, हेही नोंदवले पाहिजे. परंतु तो सन्मान परदेशातील पदकानंतरचा. त्याआधीच्या वर्षांचे काय? शंभर किलोपलीकडच्या मल्लाचा दूध, तूप, बदामांचा खुराक कोरडवाहू घराला पेलत नाही. शिरूर कासारसारख्या तालुक्यातील पोराला जगाकडे नेणारा रस्ता बहुधा हलक्या गटातूनच जातो. त्याच गटाला इनाम कमी आणि मान कमी असेल, तर तो पोरगा विशीच्या आत तालीम सोडून कोयता हाती घेईल.

१२/१२
म्हणून मागणी साधी आहे. राज्य अधिवेशनातील ५७ आणि ६१ किलोच्या विजेत्यांनाही गदा मिळावी, त्यांची नावे केसरींच्या यादीशेजारी छापली जावीत, आणि यात्रा समित्यांनी एखाद्या वर्षी हलक्या गटाची चांगली जोड दिवसाच्या शेवटी लावून पाहावी. इतिहासाची आवड असणाऱ्यांनी आपल्या तालुक्यातील अशा मल्लांच्या नोंदी आताच जमवाव्यात. जुने वस्ताद आणि पिवळी पडलेली हगाम्याची पत्रके फार काळ राहणार नाहीत.

#इतिहास #कुस्ती #बीड