कात्री कोणाच्या हाती?

‘टायटॅनिक’ चित्रपटाच्या ध्वनिचित्रफिती १९९८ साली बाजारात आल्या, तेव्हा अमेरिकेतील युटा राज्यातल्या एका दुकानदाराने एक आगळी सेवा सुरू केली. ग्राहकाने स्वतः विकत घेतलेली फीत आणून द्यायची, पाच डॉलर मोजायचे आणि नग्नतेची व शृंगाराची दृश्ये वगळलेली फीत घरी न्यायची. युटा हा कुटुंबवत्सल मॉर्मन समाजाचा प्रदेश. तेथील आईवडिलांच्या याच गरजेतून पुढे ‘क्लीनफ्लिक्स’सारख्या कंपन्या उभ्या राहिल्या. प्रौढांसाठीच्या चित्रपटांतील नग्नता, हिंसा आणि शिवीगाळ गाळून त्या ‘स्वच्छ’ प्रती विकू अथवा भाड्याने देऊ लागल्या.

प्रकरण न्यायालयात गेले. एका बाजूस या कंपन्या, तर दुसऱ्या बाजूस मोठे चित्रपट स्टुडिओ आणि स्टीव्हन स्पीलबर्ग, रॉबर्ट रेडफर्ड, मार्टिन स्कॉर्सेसी यांच्यासारखे दिग्दर्शक. प्रत्येक संपादित प्रतीमागे आम्ही एक मूळ प्रत विकत घेतो, मग निर्मात्याचे नुकसान ते कोणते, असा कंपन्यांचा बिनतोड वाटणारा सवाल होता. कोलोरॅडोतील न्यायाधीश रिचर्ड मॅट्श यांनी जुलै २००६ मध्ये तो फेटाळला. केवळ वगळण्याने नवी निर्मिती होत नाही आणि आपल्या कृतीचे स्वरूप ठरविण्याचा अधिकार स्वामित्वहक्क असणाऱ्याचाच, हा त्या निकालाचा मथितार्थ.

मग पालकांनी हात बांधून बसावे काय? मुळीच नाही. अमेरिकेच्या संसदेने २००५ सालीच याचे उत्तर दिले होते. घरी चित्रपट पाहताना आक्षेपार्ह भाग आपोआप ओलांडून जाणारे तंत्र वापरण्यास त्या कायद्याने मुभा दिली. मात्र बदललेली कायमस्वरूपी प्रत तयार होता कामा नये, ही त्यातली एक अट. या सवलतीचा आधार घेत ‘विडएंजल’ कंपनीने वीस डॉलरला चकती ‘विकून’ एकोणीस डॉलरला ‘परत घेण्याची’ शक्कल लढविली आणि चकतीचे सांकेतिक कुलूप तोडून घेतलेल्या प्रतीवरून चित्रपट दाखविले. २०१९ मध्ये ज्यूरीने तिला ६ कोटी २४ लाख डॉलरची भरपाई ठोठावली. २०२० मध्ये ९९ लाख डॉलरवर तडजोड झाली.

या साऱ्यातून घेण्याजोगा बोध स्पष्ट आहे. आपल्या उंबरठ्याच्या आत काय यावे, हे ठरविणे हा कुटुंबाचा अधिकार आहे, किंबहुना ते कर्तव्यच आहे. परंतु दुसऱ्याच्या कृतीला कात्री लावून तिचा व्यापार करणे हा वेगळा विषय. हेतू शुद्ध असला तरी साधनही शुद्धच असावे लागते. शिवाय कात्रीला विवेक नसतो. आज तिने अश्लीलता कापली, उद्या तीच कात्री एखाद्या कलाकृतीतील सद्भावही कापून टाकील.

हा प्रश्न केवळ परदेशातला नाही. आपल्या १९५७ च्या कायद्यातील कलम ५७ नुसार हक्क विकल्यानंतरही कृतीच्या विद्रूपीकरणाविरुद्ध कर्त्याला दाद मागता येते. मात्र चित्रपटाचा कर्ता म्हणून हा कायदा निर्मात्याला ओळखतो, दिग्दर्शकाला नव्हे. २०२५ मध्ये ‘रांझणा’च्या तमिळ आवृत्तीचा शोकांत शेवट कृत्रिम बुद्धिमत्तेच्या साह्याने सुखान्त करून चित्रपट पुन्हा प्रदर्शित झाला. दिग्दर्शक आनंद राय व अभिनेते धनुष यांनी तीव्र नापसंती व्यक्त केली, तरी बदल करणारी कंपनीच हक्कांची मालक होती! केवळ मालकीचा कागद हाती असला म्हणून मर्यादा सुटावी काय?

अर्थात, चित्रपटसृष्टीनेही अंतर्मुख व्हावयास हवे. विमानातील प्रवाशांसाठी आणि दूरचित्रवाणीसाठी सौम्य आवृत्त्या हेच निर्माते वर्षानुवर्षे करून देत आले आहेत. आपल्याकडेही २०२३ च्या दुरुस्तीने प्रौढांसाठीच्या चित्रपटांना दूरचित्रवाणीकरिता आवश्यक ते बदल करून स्वतंत्र प्रमाणपत्र घेण्याची तरतूद केली. मग तीच आवृत्ती मूळ चित्रपटाच्या शेजारी, तशी स्पष्ट नोंद करून, कुटुंबांना का विकली जाऊ नये? कर्त्याचा मान राहील आणि घराची मर्यादाही. सुजाण पालकांनी चोरून कापलेल्या प्रती शोधत बसण्यापेक्षा ही मागणी संघटितपणे आणि उघडपणे करावी. तोवर नको ते न पाहण्याचे स्वातंत्र्य प्रत्येक घराजवळ आहेच, आणि त्यासाठी कोणत्याही कायद्याची अनुमती लागत नाही.