बोलक्या भिंतींचे खोटे बोलणे

वर्गात टांगलेल्या जगाच्या नकाशावर ग्रीनलंड आफ्रिकेएवढे दिसते. प्रत्यक्षात आफ्रिकेत चौदा ग्रीनलंड मावतील. भारत सुमारे ३३ लाख चौरस किलोमीटरचा, ग्रीनलंड जेमतेम २२ लाखांचे. तरी भिंतीवर भारत त्याच्यापुढे पोरका!

गोल पृथ्वी कागदावर जशीच्या तशी उतरत नाही, हा कोणाचा अपराध नव्हे. उत्तर ध्रुवावरून परस्परांशी काटकोन करणारी दोन रेखावृत्ते विषुववृत्तापर्यंत आणा. होणाऱ्या त्रिकोणाचे तिन्ही कोन काटकोन! असा त्रिकोण सपाट कागदावर काढून दाखवा. न ताणता, न फाडता पृष्ठाची वक्रता बदलत नाही, हे गणिती गाउसने १८२७ सालीच सिद्ध केले. म्हणून प्रत्येक नकाशा कुठेतरी खोटा पडणारच. क्षेत्रफळ राखावे तर आकार विस्कटतो, आकार सांभाळावा तर क्षेत्रफळ जाते.

वर्गातला हा नकाशा नकाशाकार मर्केटरच्या पद्धतीचा. त्याने १५६९ साली आपले खोटे उघडपणे निवडले. होकायंत्राची एकच दिशा धरून जाणाऱ्या जहाजाचा मार्ग सरळ रेषेत यावा, म्हणून त्याने ध्रुवांकडे अंतरे वाढवत नेली. साठ अंशांवर लांबी दुप्पट, क्षेत्रफळ चौपट. ध्रुव तर त्यात येऊच शकत नाही. नकाशा दर्यावर्दींसाठी आहे, हे त्याने मथळ्यातच सांगितले होते. तो मुलांच्या वर्गात आणून लटकवला तो इतरांनी.

ज्यांचे देश त्यात फुगले, त्यांना तो खटकला नाही हे समजते. आम्हांला का खटकू नये? ११५० साली गोलाध्याय लिहिणाऱ्या भास्कराचार्यांच्या नावाने आम्ही छाती फुगवतो, आणि शाळेतला पृथ्वीगोल मात्र कपाटात कुलूपबंद ठेवतो. का, तर पोरे फोडतील! तो बाहेर येतो तपासणीच्या दिवशी. परीक्षेत राजधान्या विचारतात, ‘हा नकाशा कुठे चुकतो?’ हे नाही. आणि एखाद्या पोरीने विचारलेच, तर ‘फार शहाणी झालीस’ म्हणून तिला खाली बसवतात. ही अज्ञानाची गोष्ट नाही. चूक ठाऊक असूनही ती मुलांच्या माथी मारण्याचा हा निर्ढावलेपणा आहे.

आफ्रिकी संघाने २०२५ साली हा नकाशा बदलण्याच्या मोहिमेला पाठिंबा दिला. आमच्याकडे शाळेच्या भिंती शिकवणाऱ्या चित्रांनी रंगवण्याच्या, ‘बोलक्या भिंती’च्या नावाखाली तोच नकाशा नव्या रंगात रंगवला जातो आणि फीत कापायला पाहुणे येतात. पुढच्या रंगकामाआधी शाळा व्यवस्थापन समितीच्या बैठकीत कोणी समक्षेत्रफळ नकाशा मागणार आहे काय?