घरी निघण्याआधी निदानाची ओळ वाचा

रुग्णाला घरी सोडतात त्या दिवशी घरच्यांचं लक्ष बिलाकडे, औषधांच्या यादीकडे आणि गाडी कधी येते याकडे असतं. डिस्चार्ज कार्डावरची ‘अंतिम निदान’ ही ओळ बहुतेक घरांत कुणी वाचत नाही. ती वाचा, अर्धवट वाटली तर निघण्याआधी डॉक्टरांकडून पूर्ण करून घ्या, एवढंच सांगण्यासाठी हा लेख आहे. मेडिक्लेमवाले, पुढचे डॉक्टर आणि उद्याची नवी पॉलिसी, सगळे त्या ओळीवर विसंबून असतात.

एका आजाराचा दाखला घेऊ. कॉलेजातल्या मुलाला ताप येतो, घसा सुजतो, मानेत गाठी येतात, अंगात त्राण राहत नाही. याला इन्फेक्शियस मोनोन्यूक्लिओसिस म्हणतात. बहुतेक वेळा त्यामागे एपस्टाईन-बार विषाणू असतो. १९६४ साली शोध लागलेला हा विषाणू लाळेतून पसरतो. बहुसंख्य रुग्ण काही आठवड्यांत बरे होतात. क्वचित मात्र मेंदूच्या आवरणाला सूज येते, म्हणजे मेनिन्जायटिस होतो. डोकं असह्य दुखणं, मान आखडणं, उजेड सहन न होणं, उलट्या, गुंगी अशी लक्षणं दिसली तर सकाळची वाट न पाहता रुग्णालय गाठा. हीच लक्षणं जिवाणूंच्या आणि क्षयाच्या मेनिन्जायटिसमध्येही दिसतात, आणि ते दोन्ही कितीतरी घातक असतात. म्हणून डॉक्टर पाठीतून पाणी काढून तपासतात आणि खात्री होईपर्यंत अनेकदा अँटिबायोटिक चालू ठेवतात.

मुलगा बरा झाला. आता कार्डावर नुसतं ‘मोनोन्यूक्लिओसिस’ लिहिलं तर मेनिन्जायटिस गायब झाला. नुसतं ‘मेनिन्जायटिस’ लिहिलं तर कारण गायब झालं. ‘एपस्टाईन-बार विषाणूमुळे मोनोन्यूक्लिओसिस, त्यात मेनिन्जायटिसची गुंतागुंत’ असं लिहिलं तरच निदान पुरं झालं.

कार्डावर लिहिलेल्या निदानाला पुढे कोड मिळतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० या यादीत प्रत्येक आजाराला अक्षर आणि आकड्यांची खूण आहे. एपस्टाईन-बारच्या मोनोन्यूक्लिओसिसला बी २७.०, सायटोमेगॅलो विषाणूच्या मोनोन्यूक्लिओसिसला बी २७.१, आणि विषाणू नक्की झाला नसेल तर बी २७.९. सोबत मेनिन्जायटिस असेल तर जोडीला जी ०२.० लागतो. नुसतं ‘मेनिन्जायटिस’ लिहिलं असेल तर कोड होतो जी ०३.९, म्हणजे कारण न सांगितलेला मेनिन्जायटिस. क्षयाच्या मेनिन्जायटिसचा ए १७.० आणखी वेगळा. कोड देणाऱ्याने रुग्ण पाहिलेला नसतो. रिपोर्ट वाचून स्वतःच निदान ठरवणं त्याच्या कामात बसत नाही. डॉक्टरांनी लिहिलं तेवढंच त्याने घ्यायचं.

ज्यांची मुलं अमेरिकेत शिकतात त्यांनी एक लक्षात ठेवावं. तिथे १ ऑक्टोबर २०१५ पासून आयसीडी-१०ची त्यांची स्वतःची विस्तारलेली आवृत्ती वापरतात. त्यात एपस्टाईन-बारचं मोनोन्यूक्लिओसिस आणि मेनिन्जायटिस मिळून एकच कोड आहे, बी २७.०२. तिथल्या कागदावर एक आणि इथल्या कागदावर दोन कोड दिसले म्हणजे कुणी चूक केली असं नव्हे.

आपल्याकडे क्लेम फॉर्मचा जो भाग रुग्णालय भरतं, त्यात आयसीडी-१० कोडची जागा असते. कोड चुकला की क्लेम बुडालाच, असं मुळीच नाही. पण बिलात एमआरआय, पाठीच्या पाण्याची तपासणी, आयसीयूचे दिवस आणि निदानात मात्र घसा-तापाचा आजार असेल, तर ‘एवढं कशासाठी?’ अशी क्वेरी येणारच. निदान पूर्ण असेल तर त्या खर्चाचं कारण कागदावरच दिसतं.

म्हणून निघण्याआधी चार गोष्टी पाहा.

एक, आजाराचं कारण आणि गुंतागुंत दोन्ही लिहिलंय का? कारण सापडलं नसेल तर तसं स्पष्ट लिहिलेलं असावं.

दोन, दाखल करताना धरलेली शंका शेवटच्या निदानात तशीच राहिली नाही ना? पहिल्या दिवशी क्षयाची शंका होती आणि नंतर ती फिटली, तर तेही कार्डावर यायला हवं.

तीन, आजारात एखादा झटका आला असेल तर तो कसा नोंदवलाय? तेवढ्यावरून अपस्मार ठरत नाही. नव्या पॉलिसीच्या अर्जात मात्र अपस्माराबद्दल विचारतात, तेव्हा नोंद नेमकी हवी.

चार, ॲलर्जीच्या रकान्यात काय आहे? मोनोन्यूक्लिओसिसमध्ये अमॉक्सिसिलिन हे पेनिसिलिन गटातलं औषध घेतल्यावर अनेकांच्या अंगावर पुरळ उठतं. ती दर वेळी पेनिसिलिनची खरी ॲलर्जी असतेच असं नाही. पुरळ कोणत्या आजारात उठलं ते लिहून घ्या. मात्र ते औषध पुन्हा घ्यायचं की नाही, हे डॉक्टरच ठरवतील.

विचारताना ‘डॉक्टर, हा कोड घाला’ असं म्हणू नका. ‘नेमकं काय झालं होतं ते पूर्ण लिहून द्याल का?’ असं विचारा. कुणाही डॉक्टरला हा प्रश्न खटकू नये. क्लेम सहज पास व्हावा म्हणून न झालेला आजार लिहून घेण्याच्या भानगडीत तर पडूच नका. ती फसवणूक आहे, आणि तो खोटा आजार पुढच्या प्रत्येक डॉक्टरच्या टेबलावर तुमच्या नावाने हजर राहील.

घरी आल्यावर चूक दिसली तरी वेळ गेलेली नसते. उपचार करणाऱ्या डॉक्टरांकडे लेखी अर्ज करा, सोबत रिपोर्टच्या प्रती जोडा आणि सही-शिक्क्याचं दुरुस्त कार्ड मागा. केसपेपर मागितल्यावर ७२ तासांत द्यावेत, असा वैद्यकीय परिषदेच्या २००२च्या नियमावलीत दंडक आहे. क्लेम नाकारला गेला तर आधी विमा कंपनीकडे लेखी तक्रार करा. महिनाभरात उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही तर विमा लोकपालाकडे जा. मुंबई आणि पुण्यात त्यांची कार्यालयं आहेत, तक्रारीला फी नाही, वकीलही लागत नाही. तिथेही पहिल्यांदा पाहिला जाणारा कागद डिस्चार्ज कार्डच असेल. ते घरी आणण्याआधीच नीट करून घेणं सगळ्यात कमी त्रासाचं.